ऐकण्याचा गुन्हा

इतिहासाचीं साधनें कोणतीं, असा प्रश्न केला असतां सुशिक्षित मनुष्य तहनामे, बखरी, ताम्रपट आणि सरकारी दप्तरें यांचींच नांवें घेईल; गाण्याबजावण्याचा एखादा विनोदी चित्रपट त्याच्या स्वप्नींहि येणार नाहीं. आम्हीहि आजवर याच पंथाचे होतों. परंतु अलीकडे ‘जॅझ बोट’ या नांवाचा एक इंग्रजी चित्रपट पाहण्याचा योग आला, आणि दोन घटका करमणूक करून घेण्याच्या हेतूनें बसलेले आम्ही उठलों ते चाळीस वर्षांचा इतिहास मनांत घोळवीत उठलों. त्या चित्रपटांत जें आहे त्यापेक्षां त्याच्या पाठीमागें जें आहे तें अधिक मोलाचें आहे, असें आम्हांस वाटलें. तें वाचकांपुढें ठेवावें एवढाच या लेखाचा हेतु.

‘जॅझ बोट’ हा कृष्णधवल चित्रपट १९६० सालचा. दिग्दर्शक केन ह्यूज. निर्माती संस्था वॉरिक फिल्म्स. हिच्या दोघां चालकांपैकीं एक, अल्बर्ट ब्रॉकोली, यांनीं पुढें दोनच वर्षांनीं जेम्स बाँडच्या चित्रपटांचा प्रारंभ करून अमाप कीर्ति व द्रव्य मिळविलें. प्रस्तुत चित्रपटाचें कथानक म्हणाल तर मुठींत मावेल एवढें आहे. बर्ट हॅरिस हा विजेचीं कामें करून पोट भरणारा एक साधाभोळा तरुण. बढाई मारण्याच्या भरांत तो आपण एक नामांकित घरफोड्या असल्याची थाप मारतो. दुर्दैवानें ती थाप खरी मानली जाते. स्पायडर केली नांवाचा एक गुंड त्याला आपल्या टोळींत ओढतो आणि जवाहिराच्या चोरींत पुढें घालतो. मग गुंड बर्टच्या मागें, पोलीस गुंडांच्या मागें, अशी पळापळ सुरू होते, आणि ती थेम्स नदीवरून जॅझचा जलसा घेऊन निघालेल्या एका बोटीवर येऊन पोंचते. सर्व सोंगें आणतां येतात, पैशाचें सोंग मात्र आणतां येत नाहीं, अशी आपल्याकडे म्हण आहे. बर्टची फजिती पाहून त्या म्हणीस पुरवणी जोडावीशी वाटते कीं, चोराचें सोंग आणतां येतें, पण उतरवितां येत नाहीं.

बर्टचें काम अँथनी न्यूली यानें केलें आहे. याच नटानें १९४८ सालीं, डेव्हिड लीन यांच्या ‘ऑलिव्हर ट्विस्ट’मध्यें, डिकन्सच्या त्या चलाख पोरसवदा खिसेकापूची भूमिका केली होती. तेव्हां खरा चोर शोभलेला हा नट येथें खोटा चोर म्हणून तितकाच शोभला आहे. त्याच्या पाठीवर असलेला सार्जंट थॉम्सन लायनेल जेफ्रीज यानें रंगविला आहे, आणि या सार्जंटाच्या मिशा, त्याचा आव व त्याचे डावपेंच यांवर प्रेक्षक पोट धरून हंसतात. संगीत टेड हीथ याच्या विख्यात वाद्यवृंदाचें. एकंदरींत चोर हास्यास्पद, शिपाई हास्यास्पद, आणि त्या दोघांच्या मधून ट्राँबोन व सॅक्सोफोन यांचा लखलखता प्रवाह. हा मेळ पडद्यावर इतका सहज जमलेला दिसतो कीं, जॅझ व गुन्हा यांची जोडी लावण्यांत मुळीं कांहीं अवघड नव्हतेंच असें वाटावें. परंतु ती जोडी त्या देशांत एके काळीं थट्टेची नव्हती. तिच्यापायीं माणसें तुरुंगांत गेलीं आहेत.

पहिलें महायुद्ध संपून पुरतें वर्षहि लोटलें नव्हतें अशा १९१९ सालीं जॅझ इंग्लंडच्या किनाऱ्यास लागलें. एप्रिल महिन्यांत ‘ओरिजिनल डिक्सिलँड जॅझ बँड’ हा गोऱ्या अमेरिकन वादकांचा ताफा लंडनला आला, आणि त्याच वर्षीं ऑक्टोबरांत हॅमरस्मिथ पॅले हें प्रचंड नृत्यगृह उघडलें तें यांच्या वादनानें. उन्हाळ्यांत दुसरा एक ताफा उतरला. ‘सदर्न सिंकोपेटेड ऑर्केस्ट्रा’ हें त्याचें नांव. त्यांतील कलावंत कृष्णवर्णीय. त्यांत सिडनी बेशे नांवाचा बावीस वर्षांचा एक क्लॅरिनेटवादक होता. स्वित्झर्लंडचे संगीतसंचालक अर्नेस्ट आन्सर्मे यांनीं त्याचें वादन ऐकलें आणि हा तरुण प्रतिभावंत कलावंत आहे असें त्याच सालीं छापून प्रसिद्ध केलें. अभिजात संगीतांत मुरलेल्या या युरोपीय पंडितानें जॅझची योग्यता पहिल्याच ऐकण्यांत ओळखली. ती इंग्लंडच्या सभ्य समाजास पटावयास पुढें चाळीस वर्षें लागलीं.

या दुसऱ्या ताफ्याची कथा करुण आहे. ९ ऑक्टोबर १९२१ रोजीं, मध्यरात्र उलटल्यावर, ग्लासगोहून डब्लिनला निघालेली ‘रोवन’ ही आगबोट धुक्यांत दोन जहाजांच्या टकरींत सांपडून बुडाली. ताफ्यांतील मंडळी त्याच बोटीवर होती. त्यांतील कित्येकांस जलसमाधि मिळाली. ब्रिटनच्या इतिहासांतील पहिली खरी जॅझची बोट आम्ही हिलाच म्हणूं. उरलेले कलावंत विखुरले. त्यांतील कांहींजण एका कराराकरितां व्हिएन्नास निघाले असतां त्यांस ट्राँबोन वाजविणारा एक गडी कमी पडला. लंडनच्या रस्त्यावर उभा राहून वाजवीत पैसे मिळविणारा विशींतील एक गोरा तरुण त्यांनीं बरोबर घेतला. त्या प्रवासांत बेनी पेटन या कृष्णवर्णीय ढोलवादकानें त्याला जॅझची लय म्हणजे काय तें शिकविलें. पुढें ताफ्याजवळचे पैसे संपले आणि पोरास पदरमोड करून घरीं परतावें लागलें. त्या पोराचें नांव टेड हीथ. ‘जॅझ बोट’मधील वाद्यवृंद ज्याचा, तोच हा. वाचकांनीं हें नांव ध्यानांत ठेवावें. आम्हांस त्याच्याकडे पुन्हां यावयाचें आहे.

जॅझला गुन्ह्याचा डाग कसा लागला, हें समजण्यासाठीं मात्र लंडनच्या सोहो भागांतील जेरार्ड स्ट्रीट या चिंचोळ्या रस्त्यावर गेलें पाहिजे. ड्रायडन कवीनें आपलें वार्धक्य याच रस्त्यावर घालविलें. १९२१ सालीं येथील ४३ क्रमांकाच्या घरांत केट मेरिक या बाईनें एक रात्रीचा क्लब उघडला. युद्धकाळांत मद्यविक्रीच्या वेळांवर आलेलीं बंधनें युद्धानंतरहि पुष्कळशीं कायम राहिलीं होतीं. सार्वजनिक पानगृहें रात्रीं बंद होत. आणि तीं बंद झालीं म्हणजे उमराव, दलाल, नट, विद्यार्थी आणि भुरटे चोर एकाच तळघरांत, एकाच बँडच्या तालावर नाचूं लागत. मेरिकबाई वेळेनंतर मद्य विके. त्यासाठीं ती १९२४ सालीं व त्यानंतरहि अनेकदां तुरुंगांत गेली. ईव्हलिन वॉ या कादंबरीकारानें तिचा क्लब नांव बदलून आपल्या कादंबऱ्यांत आणला आहे.

या क्लबांवर नजर ठेवण्याचें काम जॉर्ज गॉडर्ड नांवाच्या एका पोलीस सार्जंटाकडे होतें. त्याचा पगार आठवड्याला अवघा सहा-सात पौंड. आणि चौकशी झाली तेव्हां त्याचें स्वतःचें घर, मोटार आणि तिजोऱ्यांत ठेवलेले हजारों पौंड बाहेर आले. १९२९ च्या जानेवारींत त्याला लांच घेतल्याबद्दल अठरा महिन्यांची सक्तमजुरी झाली. लांच दिल्याबद्दल मेरिकबाईस पंधरा महिन्यांची. गुन्हा मद्याचा होता आणि लांच पोलिसानें खाल्ली होती. पण वर्तमानपत्रें वाचणाऱ्या सामान्य गृहस्थाच्या मनांत बदनाम झालें तें जॅझ. घरांतील मुलगा सॅक्सोफोन ऐकूं लागला कीं बापाच्या डोळ्यांपुढें तें तळघर उभें राही. ‘जॅझ बोट’मधील सार्जंट पाहून आम्ही हंसलों खरे, पण एक पिढीपूर्वींच्या प्रेक्षकाला जॅझच्या शेजारीं सार्जंट दिसला असता, तर त्याला प्रथम गॉडर्डच आठवला असता.

येथवर जॅझ हें संशयित होतें. प्रत्यक्ष आरोपी झालें नव्हतें. तोहि योग पुढें आला, आणि तो आणणारे नीतिरक्षक नव्हते, वादकांचे संघ होते. अमेरिकेंतील वादकसंघ ब्रिटिश वाद्यवृंदांस आपल्या देशांत वाजवूं देईना. त्याला उत्तर म्हणून १९३५ सालीं ब्रिटिश मजूरखात्यानें अमेरिकन वाद्यवृंदांस परवाने देणें थांबविलें. आपल्या माणसांची भाकरी राखावी हा हेतु समजण्यासारखा होता. १९३२ सालीं लुई आर्मस्ट्राँग व १९३३ सालीं ड्यूक एलिंग्टन यांना लंडननें डोळे भरून पाहिलें होतें. त्यानंतर मात्र, थोडे अपवाद सोडल्यास, वीस वर्षें ब्रिटिश रसिकाचा गुरु म्हणजे ग्रामोफोनची तबकडी. तबकडीवरून विद्या शिकणारा शिष्य हा एकलव्याच्या जातीचा; त्याची निष्ठा मोठी असते, पण समोर बसून मिळणारी विद्या त्याला मिळत नाहीं.

अखेर कांहीं रसिकांनीं कायद्यास बगल देण्याचें ठरविलें. १३ नोव्हेंबर १९४९ रोजीं लंडनच्या विंटर गार्डन नाट्यगृहांत एक जलसा चालू असतां तोच सिडनी बेशे प्रेक्षकांच्या साक्षीनें रंगमंचावर आला आणि हंफ्री लिटल्टन यांच्या ताफ्याबरोबर वाजवूं लागला. एका स्त्रीस मारहाण केल्याच्या आरोपावरून १९२२ सालीं शिक्षा होऊन याच देशांतून त्याला हद्दपार करण्यांत आलें होतें. आतां तो पन्नाशी उलटलेला थोर कलावंत होता. पुढच्याच महिन्यांत, ११ डिसेंबरला, सॅक्सोफोनचा सम्राट् म्हणून गाजलेला कोलमन हॉकिन्स प्रिन्सेस नाट्यगृहांत असाच वाजवून गेला. कोणतीहि नोकरी, पगारी अथवा बिनपगारी, करावयाची नाहीं, या अटीवर त्याला देशांत पाऊल टाकूं दिलें होतें. परदेशीयांविषयींच्या १९२० च्या हुकुमान्वयें हॉकिन्सचें वादन हा गुन्हा झाला.

पण वाजविणारा आला तसा निघून गेला. खटल्यांत सांपडलेल्यांमध्यें हर्बर्ट विल्कॉक्स हा ‘जॅझ इलस्ट्रेटेड’ या नियतकालिकाचा मालक होता. याच नांवाचा चित्रपटनिर्माता वेगळा. या गृहस्थानें हॉकिन्सला विमानतळावर जाऊन भेटण्याची हौस केली, तिकीट काढून जलसा ऐकला, आणि आपल्या नियतकालिकांत त्याचें गुणवर्णन छापलें. मॅजिस्ट्रेटानें त्याला गुन्ह्यास साहाय्य केल्याबद्दल पंचवीस पौंड दंड केला. अपील १९५१ सालीं मुख्य न्यायाधीश लॉर्ड गॉडर्ड यांच्यापुढें आलें. (लांचखाऊ सार्जंटाचें आणि यांचें नांव एक, संबंध कांहीं नाहीं.) न्यायमूर्तींनीं अपील फेटाळलें. त्यांच्या विवेचनाचा मतितार्थ असा: वादन बेकायदेशीर आहे हें या मनुष्याला ठाऊक होतें, तरीहि तो पैसे देऊन गेला, बसला, आणि आपल्या पत्राकरितां मजकूर मिळवून आला, ही उपस्थिति म्हणजेच उत्तेजन. त्यानें उठून निषेध केला असता, हुर्यो केली असती, सॅक्सोफोनचा आवाज बुडविण्यासाठीं गोंगाट करणाऱ्यांत तो सामील असता, तर कदाचित् निर्दोष ठरला असता!

आम्हीं हा निकाल वाचला तेव्हां प्रथम हंसूं आलें आणि मागाहून ओशाळल्यासारखें झालें. न्यायमूर्तींचा तर्क कायद्याच्या दृष्टीनें निकोप असेल. तो खटला आजहि कायद्याच्या विद्यार्थ्यांस उदाहरण म्हणून शिकविला जातो. पण रसिकतेच्या दृष्टीनें त्याचा अर्थ काय झाला? एक थोर कलावंत समोर वाजवीत असतां जो शांतपणें ऐकतो तो अपराधी, आणि जो बोंब ठोकतो तो सज्जन. सोहोच्या तळघरांत जॅझ गुन्हेगारांच्या संगतींत होतें एवढाच बोभाटा होता. येथें संगतीचाहि प्रश्न उरला नाहीं. ऐकणें हाच गुन्हा झाला.

ही कोंडी फुटली ती १९५६ सालीं, आणि ती फोडण्याचा मान आमच्या टेड हीथकडे जातो. दोन्ही देशांच्या वादकसंघांनीं अदलाबदलीचा तोडगा काढला: जितके वादक इकडे, तितकेच तिकडे. मार्च महिन्यांत स्टॅन केंटनचा अमेरिकन वाद्यवृंद ब्रिटनला आला. एप्रिलांत टेड हीथ आपला ताफा घेऊन अमेरिकेस गेला. रस्त्यावर वाजवून पैसे मिळविणारा तो पोरगा आतां चोपन्न वर्षांचा प्रौढ नायक झाला होता. १ मे रोजीं न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्यें त्याच्या ताफ्याचें वादन झालें आणि तेथील चोखंदळ श्रोत्यांनीं त्याला मनापासून दाद दिली. ज्यांची विद्या त्यांनाच ती सुंदर करून ऐकविल्याचें समाधान त्याला लाभलें असेल.

परंतु कार्नेगी हॉलपूर्वीं तीन आठवडे, १० एप्रिलला, त्याच दौऱ्यांत एक निराळाच प्रकार घडला होता. ताफा दक्षिणेंतील अलाबामा संस्थानांत, बर्मिंगहॅम शहरीं होता. मुख्य गायक नॅट किंग कोल. कृष्णवर्णीय, आणि जन्मानें त्याच संस्थानचा. श्रोते सगळे गोरे. गाणें चालू असतां कांहीं वर्णद्वेष्ट्या गुंडांनीं रंगमंचावर उडी घालून कोलला खालीं पाडलें. पाठीमागें हीथचा ब्रिटिश ताफा हातांत वाद्यें घेऊन हें पाहत होता. चाळीस वर्षें ब्रिटनमध्यें जॅझपासून गुन्हा उत्पन्न होतो काय याचा खल चालला होता. आणि ब्रिटिश वादकांच्या डोळ्यांदेखत जो खराखुरा गुन्हा घडला, त्यांत अपराधी जॅझ नव्हतें. गाणाऱ्यावरच घाव पडला होता.

हें विष समुद्रापलीकडेच राहिलें असें कोणीं समजूं नये. १९५८ च्या ऑगस्टअखेरीस लंडनच्या नॉटिंग हिल भागांत गोऱ्या तरुणांच्या झुंडी वेस्ट इंडीजमधून आलेल्या रहिवाशांवर तुटून पडल्या. त्या वेळीं जॅझ वाजविणाऱ्यांपैकीं जॉन डँकवर्थ, क्लिओ लेन प्रभृति कलावंतांनीं उघडपणें निषेध करून वर्णसलोख्याची चळवळ उभारली, ही गोष्ट त्यांस भूषणावह आहे. एकेकाळीं समाजास बिघडविणारे म्हणून ज्यांच्याकडे बोट दाखविलें गेलें, तेच समाजाला शहाणपण सांगावयास पुढें आले. पुढच्या वर्षीं, ३० ऑक्टोबर १९५९ रोजीं, रॉनी स्कॉट यानें आपला जॅझ क्लब उघडला. आणि योगायोग असा कीं तो जेरार्ड स्ट्रीटवरच, ३९ क्रमांकाच्या तळघरांत. मेरिकबाईच्या क्लबापासून अवघीं कांहीं पावलें. हा स्कॉटहि एकेकाळीं हीथच्याच ताफ्यांत होता. त्या रस्त्यावर चोरून ऐकावयाचें संगीत आतां राजरोस ऐकतां येऊं लागलें.

‘जॅझ बोट’ आला तो अशा घडीस. ही पार्श्वभूमि ध्यानांत घेतली म्हणजे त्याच्या हलकेपणाचा अर्थ कळतो. समाज ज्या गोष्टीस भितो तिची तो मोकळ्या मनानें थट्टा करीत नाहीं. थट्टा होऊं लागली कीं भीति सरली असें समजावें. जॅझच्या नादीं लागलेला पोरगा चोर असेलच, ही जुनी समजूत येथें उलटी केली आहे. बर्ट जॅझच्या नादीं आहे, चोर मुळींच नाहीं, आणि चोर म्हणवून घेण्याच्या हौसेनेंच त्याचे हाल होतात. तीस वर्षांपूर्वींच्या बापाला जें भय वाटे, तें मुलानें अंगरखा म्हणून चढविलें आणि तो त्याला बसला नाहीं! यांतला विनोद निर्मळ आहे. बोटीचें चित्रहि कल्पनेंतलें नव्हे. त्या दशकांत लंडनच्या घाटावरून मार्गेटपर्यंत जॅझचे ताफे घेऊन बोटी खरोखरच जात. त्यांपैकीं ‘रॉयल डॅफोडिल’ ही १९४० सालीं डंकर्कहून हजारों सैनिकांस घेऊन परत आली होती. बाँबनें पडलेलें भगदाड खलाशांनीं गाद्या कोंबून बुजविलें होतें. ज्या तक्तांवर जखमी सैनिक पडले त्यांवर वीस वर्षांच्या आंत तरुण-तरुणी नाचूं लागल्या, यांत आम्हांस कांहीं अशोभनीय वाटत नाहीं. शांततेची याहून चांगली खूण कोणती?

तथापि एक गोष्ट मनाला टोंचते. या चित्रपटाच्या प्रमुख पात्रांत, त्याच्या प्रेमकथेंत, त्याच्या हास्यांत, ज्यांनीं हें संगीत निर्माण केलें त्या कृष्णवर्णीय लोकांना जागा नाहीं. नॉटिंग हिलच्या दंग्यास दीड-दोन वर्षेंच झालीं होतीं. पण पडद्यावरील लंडनला त्याची वार्ताहि नाहीं. येथें कोणी म्हणेल कीं, हंसवावयास निघालेल्या मंडळींवर इतिहासाचें ओझें कशाला? आक्षेप रास्त आहे, आणि त्यासाठीं केन ह्यूज यांना दोषी ठरविण्याचा आमचा मुळींच विचार नाहीं. करमणुकीला विसरण्याचा हक्क आहे. मात्र तो हक्क पाहणाऱ्याला नाहीं, निदान ज्याला इतिहासाची गोडी आहे त्याला तरी नाहीं. कारण पुसलेल्या अक्षरांची खूण याच चित्रपटांत उरली आहे, आणि ती म्हणजे वाद्यवृंदापुढें उभा असलेला टेड हीथ.

तो जमाना फार टिकला नाहीं. १९६३ सालीं लिव्हरपूलच्या चौघां पोरांनीं तरुणांचीं मनें पळविलीं आणि मोठमोठ्या वाद्यवृंदांचे दिवस ओसरले. रॉनी स्कॉटचा क्लब १९६५ सालीं जेरार्ड स्ट्रीट सोडून शेजारच्या फ्रिथ स्ट्रीटवर गेला. ‘रॉयल डॅफोडिल’ १९६७ सालीं मोडींत निघाली. टेड हीथ १९६९ सालीं वारला. राहिला तो हा दीड तासाचा खेळ.

वाचकांस तो पाहावयास मिळाल्यास त्यांनीं अवश्य पाहावा आणि खुशाल हंसावें. ऐकणें हा आतां गुन्हा राहिलेला नाहीं. फक्त बोटीवर टेड हीथचा ताफा वाजवूं लागला म्हणजे व्हिएन्नाच्या वाटेवर एका पोराला लय शिकविणारा बेनी पेटन क्षणभर आठवावा, आणि ‘रोवन’वर बुडालेले त्याचे सोबतीहि. त्यांचें त्या बोटीवरील तिकीट केव्हांच चुकतें झालेलें आहे.